एकवीस तास

विद्यापीठाने मला एक तक्ता दिला होता,
आडव्या ओळींत कुटुंबं, उभ्या रकान्यांत तास.
दर घरामागे आठवड्याला एकवीस तास श्रमदान,
त्यातून चौरस मीटरमागे किती पैसे वाचतात ते काढायचं
आणि नोव्हेंबरात प्रबंध द्यायचा.
विषय, स्वस्त घरं. वय, तेवीस.
थापी कधी हातात धरलेली नव्हती.

मोंतेविदेओच्या उत्तर टोकाला, बस जिथे वळसा घेऊन परत फिरते,
तिथे चाळीस घरांचे पाये खणलेले.
जुलैची थंडी. नदीवरून येणारा वारा
(नदी असं नकाशा म्हणतो,
पलीकडचा काठ इथून कुणाला दिसलेला नाही)
हाडांत दोरा ओवत जायचा.

"उभ्याउभ्या लिहू नकोस," झुल्मा म्हणाली,
"लिहायचं तर बसून लिही, नाहीतर विटा दे."
इस्पितळाच्या धुलाईघरात तिची रात्रपाळी,
सकाळी अंगाला चादरींच्या वाफेचा वास घेऊन
ती तडक बांधकामावर यायची.
मी विटा दिल्या. मग तिने थापी दिली.
अकरा नंबर, मागची भिंत, चार रद्दे.
माल बोटांवर सुकला तसा सुकू दिला.

विल्मार दम्याचा. वीट उचलली की छातीत शिट्टी वाजायची.
तो केटली ठेवायचा, तुंब्यात माते भरायचा,
एकच तुंबा, एकच नळी, फिरत फिरत सगळ्यांकडे.
सभेत प्रश्न निघाला,
माते करणं हे काम धरायचं की नाही?
दोन तास वाद. मग हात वर. धरायचं.
मी सरांना विचारलं, हे तास कुठे दाखवू?
वगळ, म्हणाले, उत्पादकता बिघडते.
मी वगळले नाहीत. कडेला नवा रकाना आखला, "इतर".
वर्षाअखेर सगळ्यांत लांब तोच झाला.

कुठलं घर कुणाचं, ते शेवटी चिठ्ठ्या टाकून ठरणार.
तोवर सगळी घरं सगळ्यांची,
म्हणजे एकही कुणाचं नाही,
असं मी टिपणवहीत लिहिलं.

मग सतरा नंबरची भिंत.
झुल्माने ओळंबा सोडला, एक डोळा मिटला.
अर्ध्या बोटाचा फरक.
तीन रद्दे उतरवा, म्हणाली.
अंधारून आलेलं, नखं निळी पडलेली.
मी म्हटलं, गिलाव्याखाली कुणाला दिसणार?
आणि हे घर तुझंच निघेल कशावरून?

"नाही निघणार कशावरून?"

एवढंच. आम्ही तीन रद्दे उतरवले,
विटांना चिकटलेला माल खरवडला.
घरी जाऊन मी टिपणवहीतलं ते वाक्य खोडलं.

प्रबंध दिला. तरी रविवारची बस सुटेना.

दुसऱ्या वर्षीच्या डिसेंबरात, विल्मारच्या लोकरीच्या टोपीतून
झुल्माने चिठ्ठी काढली.
अकरा.

अकरा. मागची भिंत.
माझे पहिलेवहिले चार रद्दे,
त्या दिवशी जे कुणी तपासले नाहीत,
आणि मीही बोलले नव्हते.

सांगायला गेले तेव्हा शब्द आवंढ्यात अडकले.
ती खोकला येईपर्यंत हसली.
"मग ये रविवारी. फडताळ टेकवायला हात लागेल."
फडताळ भिंतीला लागेना.
पायाखाली सारायला तिने एक कागद घडी घातला,
घालताना मी पाहिलं,
माझीच प्रश्नावली, पान तिसरं,
"आपण आपल्या घराबाबत किती समाधानी आहात?"
उत्तराची जागा कोरी.

आता मी शिकवते.
दर मार्चला नवी तुकडी घेऊन त्याच बसने जाते,
खर्चाचे आकडे वाटेतच सांगून टाकते.
अकरा नंबरात झुल्मा गुडघे चोळत बसलेली असते,
विल्मारचा तुंबा आता तिच्याकडे.
मी मुलांना म्हणते, तळवा ठेवा भिंतीवर, खाली सरकवत न्या.
बहुतेकांना काही कळत नाही.

यंदा नावेल नावाच्या एका मुलाने
न विचारता खिळ्यावरचा ओळंबा काढून सोडला,
बराच वेळ थांबला,
माझ्याकडे बघून हलकेच म्हणाला, "दीड बोट."

चुलीपाशी पाणी उकळत होतं.
"सव्वा," झुल्मा आतून म्हणाली.
"लिहिणार असशील तर नीट लिही."